नरारा बघायला जावं का? कच्छच्या आखातातली प्रवाळं आणि आपण बडोदेकर

अनघा_कारेलीबाग

नमस्कार मंडळी. दिवाळीनंतर आम्ही चार कुटुंबं मिळून जामनगरजवळच्या नरारा बेटावर जायचं म्हणतोय. मुलं सातवी ते दहावीतली आहेत. समुद्र म्हणजे त्यांना दीव-दमणचा किनारा तेवढा माहीत. ओहोटीला चालत जाऊन जिवंत प्रवाळ बघता येतं असं कळल्यापासून मुलांनी दुसरा विषय काढलेला नाही.

पण सोसायटीतले एक काका म्हणाले, "तिथे माणसांनी जाऊच नये. पायाखाली सगळं चिरडतं." तेव्हापासून मन द्विधा झालंय. खरंच इतकं नुकसान होतं का? आणि जायचं ठरलं तर तयारी काय करावी? जाऊन आलेल्यांनी कृपया सविस्तर लिहा.

मांडवीकर

अनघाताई, जा. पण जाण्याआधी मुलांना घरी बसवून काही गोष्टी सांगा, म्हणजे तिथे गेल्यावर प्रत्येक पावलाला ओरडावं लागणार नाही.

पहिली गोष्ट म्हणजे तिथे जे गोटे दिसतात ते जिवंत प्राणी आहेत. प्रवाळाचा एकेक प्राणी, म्हणजे पॉलिप, बहुधा काही मिलिमीटरचाच असतो. तोंडाभोवती स्पर्शकांचं कडं आणि खाली त्याने स्वतः रचलेली चुन्याची वाटी. असे हजारो पॉलिप एकमेकांना चिकटून राहतात, ती वसाहत आपल्याला दगड म्हणून दिसते. त्यांच्या अंगात सूक्ष्म शैवालं असतात. ती उन्हावर अन्न तयार करतात आणि त्यातला मोठा वाटा पॉलिपला मिळतो. आपल्याला दिसतो तो तपकिरी, हिरवट रंगही बराचसा त्या शैवालांचाच. रात्री पॉलिप स्पर्शकं बाहेर काढून पाण्यातले बारीक जीवही पकडतात.

दुसरी गोष्ट, टीव्हीवर दिसतात तशी निळ्या पाण्यातली, फांद्याफांद्यांची रंगीत झाडं इथे शोधू नका. आखातात नद्यांचं पाणी कमी येतं आणि बाष्पीभवन जास्त, त्यामुळे पाणी खुल्या समुद्रापेक्षा खारट. भरती-ओहोटीचा फरक प्रचंड, आत नवलखीकडे तर सात मीटरच्या आसपास. त्या ओढीने गाळ सतत ढवळतो आणि पाणी दुधाच्या चहासारखं गढूळ असतं. हिवाळ्यात ते बरंच गार होतं. ओहोटीला काही प्रवाळं तासन् तास उघडी पडून ऊन खातात. एवढ्या हालात टिकतात ती मुख्यतः गोट्यासारखी घट्ट वाढणारी, पोरायटिस, फेव्हिया अशा जातींची. वर्षाला जेमतेम सेंटीमीटरभर वाढतात. फुटबॉलएवढा गोटा दिसला तर तो पंधरा-वीस वर्षांचा सहज असणार, म्हणजे तुमच्या दहावीतल्या मुलापेक्षा मोठा.

म्हणून काकांचं म्हणणं खोटं नाही. प्रवाळावर पाय पडला की वरची पातळ जिवंत त्वचा फाटते, त्या जखमेत दुसरं शैवाल माजतं आणि तेवढा भाग मरतो. एकाच वाटेने रोज शंभर माणसं गेली तर ती वाट कायमची ओसाड होते.

तयारी थोडक्यात सांगतो. जाड तळाचे जुने बूट घाला, चपला-सँडल नकोत. टोपी आणि पाणी हवंच. वनखात्याची परवानगी आणि ओळखपत्र लागतं. स्थानिक गाईड घ्या आणि त्याच्या मागे एका ओळीत चाला. पाय टाकायचा तो वाळूवर किंवा उघड्या मेलेल्या खडकावर. दगड उलटू नका. दगडाच्या खाली चपटे कृमी, ठिसूळ तारे, इवलाले खेकडे, कुणाकुणाची अंडी असं सगळं सावलीला असतं, उलटा पडलेला दगड म्हणजे त्यांना थेट ऊन. आणि एक विनंती अगदी मनापासून: फुगणारा मासा (कोकणात ज्याला केंड म्हणतात) फोटोसाठी हातात घेऊन फुगवून दाखवा असा आग्रह गाईडला करू नका. तो मासा जिवाच्या भीतीने फुगतो. त्यात त्याची जी शक्ती जाते ती ओहोटीच्या डबक्यात अडकलेल्या माशाला परवडणारी नसते.

रावपुरा_१९

उत्तम माहिती. वाचनखूण साठवली.

खारफुटी

मांडवीकर, तुमची माहिती बरोबर, पण निष्कर्ष पटला नाही.

हे आखात म्हणजे काही सहलीचं ठिकाण नव्हे. १९८० साली अभयारण्य आणि १९८२ साली राष्ट्रीय उद्यान झालेला हा भाग, देशातलं पहिलं सागरी राष्ट्रीय उद्यान. बेचाळीस बेटं, भोवती प्रवाळ आणि तिवरांची जंगलं. राष्ट्रीय उद्यान केलं ते तिथले जीव वाचवायला. सुट्टीच्या दिवशी ओहोटी सोयीच्या वेळी आली की नराराच्या पठारावर, म्हणजे ओहोटीला उघड्या पडणाऱ्या सपाट प्रवाळभागावर, बसेस भरून माणसं उतरतात. त्यातली किती जण एका ओळीत चालतात? गाईडने कितीही सांगितलं तरी शाळेची चाळीस मुलं आवरत नाहीत. तुमची चार कुटुंबं शिस्तीची असतीलही, पण नियम शिस्तीच्या माणसांकडे बघून करायचे नसतात.

माझं मत स्पष्ट आहे. मुलांना प्रवाळ समजावून सांगायचं असेल तर इथे सांगा, चित्रफिती दाखवा, पाहिजे तर म्युझियममध्ये न्या. त्या पठाराला काही वर्षं माणसाशिवाय राहू द्या.

मांडवीकर

खारफुटी, तुमची कळकळ समजते. पण व्हेल शार्कचं उदाहरण आठवा. वेरावळच्या किनाऱ्यावर तेलासाठी, मांसासाठी हा मासा बेसुमार मारला जायचा. २००१ साली तो वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आला, पण नुसत्या कायद्याने मच्छीमाराचा हात थांबला नाही. २००४ पासून वनखातं आणि संस्थांनी गावोगाव मोहीम चालवली, मोरारीबापूंनी त्याला माहेरी बाळंतपणाला आलेली लेक म्हटलं, आणि जाळ्यात सापडलेला मासा जाळं कापून सोडला तर त्या जाळ्याची भरपाई मिळायला लागली. तेव्हापासून शेकडो मासे मच्छीमारांनी स्वतःच्या हाताने सोडले आहेत. माणसाचा संबंध जुळला म्हणून हे झालं.

नराराचंही तेच. तिथली गाईड मंडळी आसपासच्या गावांतली आहेत. पठार जिवंत राहिलं तर त्यांचं पोट चालतं, म्हणून तेच त्याचे राखणदार होऊ शकतात. सगळं बंद केलंत तर तिथे काय चाललंय हे बघायला कुणीच उरणार नाही.

खारफुटी

मच्छीमार जाळं कापतो ते समुद्रात, स्वतःच्या कामावर असताना. पर्यटक मुद्दाम तिथे जाऊन तुडवतो. ही दोन उदाहरणं एका तागडीत बसत नाहीत.

स्वाती_जोशी_वाडी

मध्ये बोलते. अंदमानात वंडूरच्या सागरी उद्यानात जॉली बॉय आणि रेडस्किन ही दोन बेटं आलटून पालटून उघडतात. एक चालू असताना दुसऱ्याला विश्रांती. जॉली बॉयला प्लास्टिक नेऊ देत नाहीत, बाटलीसुद्धा मोजून नोंदवून घेतात. नराराला असं करता येईल की. पठाराचे दोन-तीन भाग पाडायचे, एक भाग वर्षभर बंद, आणि रोजच्या माणसांना मर्यादा. तुम्ही दोघं म्हणताय ते दोन्ही त्यात साधतं.

खारफुटी

स्वातीताई, हे झालं तर माझा विरोध मागे घेईन. आकड्याची मर्यादा मात्र खरोखर पाळली गेली पाहिजे, नुसती फलकावर नको.

दांडियाबाजार_दप्तर

या चर्चेत एक गोष्ट अजून कुणी काढली नाही म्हणून लिहितो. आखाताच्या तोंडाशी असलेलं ओखामंडळ, म्हणजे द्वारका, बेट द्वारका आणि ओखा हा सगळा मुलूख, बडोदे संस्थानाचा होता. ओखा बंदर बांधलं तेही आपल्याच संस्थानाने. आणि सयाजीराव महाराजांच्या सरकारने तिथल्या समुद्रातले जीव तपासायला जेम्स हॉर्नेल या मत्स्यतज्ज्ञाला बोलावलं होतं. त्याच्या अहवालाचा पहिला भाग १९०९ मध्ये आणि दुसरा १९१६ मध्ये प्रसिद्ध झाला. सरकारला मुख्य रस होता तो मोत्यांच्या शिंपल्यांत आणि शंखांत, म्हणजे उत्पन्नात. पण त्या निमित्ताने ओख्याच्या किनाऱ्यावरच्या जिवांची शास्त्रीय नोंद झाली, तीही अशा काळात की आखातात ना रिफायनरी होती, ना सिमेंटचे कारखाने.

आज कुठलंही प्रवाळ "पूर्वी कसं होतं" हे कळायला जुनी नोंद लागते. बहुतेक ठिकाणी ती नसतेच. आपल्याकडे शंभर वर्षांपूर्वीची आहे, आणि तिचा खर्च बडोद्याच्या तिजोरीतून झालाय. जामनगर आपल्यापासून पावणेचारशे किलोमीटरवर असेल, पण त्या आखाताशी बडोदेकरांचं नातं पर्यटकाचं नाही. मला वाटतं अनघाताईंच्या मुलांना हे आधी सांगावं.

अनघा_कारेलीबाग

दप्तरकाका, हे अजिबात माहीत नव्हतं. अंगावर काटा आला वाचून. खूप आभार.

सातपाटील

बडोद्याजवळच्या कोयलीच्या रिफायनरीत नोकरीला असलेल्या माणसाकडून थोडी भर. ते नातं आजही आहे. परदेशी कच्चं तेल जहाजांतून वाडीनारला उतरतं आणि तिथून जमिनीखालच्या नळाने कोयलीपर्यंत येतं, पुढे मथुरेकडेही जातं. १९७८ पासून हे चालू आहे. वाडीनार म्हणजे नराराच्या अगदी शेजारचं. आपण बडोद्यात स्कूटरमध्ये पेट्रोल भरतो त्यातलं काही त्याच पाण्यातून आलेलं असतं. त्यामुळे आखात वाचवणं हे फक्त जामनगरकरांचं काम नाही.

बाकी आखाताने पूर्वी बरंच सोसलंय. एके काळी सिमेंटसाठी प्रवाळाची वाळू समुद्रतळातून उपसली जायची. पुढे ते थांबलं, पण उपशाने उडालेला गाळ प्रवाळावर बसला की पॉलिप गुदमरतो आणि शैवालाला ऊन मिळत नाही. फांद्यांचं अॅक्रोपोरा आखातातून नाहीसं झालं होतं, त्याचे मेलेले सांगाडे तेवढे मिळायचे. आता बाहेरून तुकडे आणून ते परत रुजवण्याचे प्रयत्न झाले आहेत, मिठापूरकडेही काम चालू आहे. तिवरांचं महत्त्व तिथेच आहे. किनाऱ्यावर तिवरं असली की गाळ मुळांत अडकतो, प्रवाळापर्यंत कमी पोचतो. तिवर तोडणं म्हणजे दोन किलोमीटर आत असलेल्या प्रवाळावर माती टाकणं.

मालवणचो_नातू

आम्ही मूळचे मालवणचे, आजोबा गायकवाड सरकारच्या नोकरीत आले ते इथलेच झाले. आमच्याकडे भरतीचा हिशेब सोपा: तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ. त्यावरून ओहोटी काढा. अमावस्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं, तेव्हा पाणी सगळ्यात लांब हटतं. अष्टमीच्या सुमाराला भांग, म्हणजे पाणी फारसं हटत नाही, तेव्हा जाऊन उपयोग नाही.

आणि प्रवाळं महाराष्ट्रातही आहेत बरं का. मालवणचं सागरी अभयारण्य १९८७ चं. विजयदुर्गापासून शंभरेक किलोमीटर आत समुद्रात आंग्रिया बँक म्हणून बुडालेलं पठार आहे, कान्होजी आंग्र्यांच्या नावाचं, तिथली प्रवाळं अजून खूप चांगली आहेत.

मांडवीकर

उधाणाचं अगदी बरोबर. पाऊणपटीचा हिशेब मात्र कोकणपट्टीतला आहे, आखाताच्या आत भरतीची लाट उशिरा पोचते. अनघाताई, त्या भरवशावर गाडी काढू नका. त्या तारखेचं भरती-ओहोटीचं कोष्टक बघा आणि निघायच्या आधी गाईडशी फोनवर बोलून वेळ पक्की करा. ओहोटी पूर्ण व्हायच्या आधीच चालायला सुरुवात करायची आणि पाणी वळलं की गाईड म्हणेल त्या क्षणी परत फिरायचं. पठार सपाट आहे, भरती एकदा सुरू झाली की भराभर चढते.

निनाद_प्रतापनगर

मला एक प्रश्न पडलाय, राग मानू नका. २०२३ पासून जगभर प्रवाळ पांढरं पडण्याची जी लाट आली ती नोंदलेली चौथी आणि सगळ्यात मोठी. जगातल्या ८४ टक्के प्रवाळक्षेत्रांपर्यंत ती उष्णता पोचली असं शास्त्रज्ञ सांगतात. ग्रेट बॅरियर रीफ २०१६ पासून पुन्हा पुन्हा पांढरी पडते आहे. लक्षद्वीपला २०२४ मध्ये काय झालं ते वाचलंच असेल. समुद्रच तापतोय, तर आपण चार माणसांनी पाऊल जपून टाकल्याने काय फरक पडणार?

डॉ_मीरा_सयाजीगंज

निनाद, हा प्रश्न राग मानण्यासारखा मुळीच नाही, या धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न आहे. मी प्राणिशास्त्र शिकवते, म्हणून जरा लांब लिहिते.

आधी पांढरं पडणं म्हणजे काय ते बघू. उन्हाळ्यात त्या जागी पाणी नेहमी जेवढं तापतं त्यापेक्षा एखाद्या अंशाने जास्त तापलं आणि ते काही आठवडे तसंच राहिलं, की प्रवाळाच्या अंगातली शैवालं बिघडतात. विषारी ऑक्सिजन-संयुगं तयार करू लागतात. पॉलिप मग त्यांना बाहेर काढतो. रंग गेला की पारदर्शक त्वचेतून चुन्याचा सांगाडा दिसतो, म्हणून पांढरं. या अवस्थेत प्रवाळ मेलेलं नसतं, उपाशी असतं. पाणी लवकर निवलं तर शैवालं परत वाढतात आणि ते सावरतं. तापमान उतरलंच नाही तर उपासमारीने मरतं.

आता तुमच्या प्रश्नाचं उत्तर इथेच आहे. मरणं आणि सावरणं यांच्यामध्ये जो काळ असतो, त्यात प्रवाळाची बाकीची प्रकृती कशी आहे याला फार महत्त्व असतं. गाळ बसलेला, सांडपाण्याने शैवाल माजलेलं, तुडवलेलं प्रवाळ त्या आजारातून उठत नाही. मेलेल्या सांगाड्यावर प्रवाळाचं नवं पिल्लू रुजायचं तर तो पृष्ठभाग साफ लागतो, आणि तो साफ करतात पोपटमासे आणि इतर शैवालखाऊ मासे. म्हणून जिथे हे मासे मारून संपवलेत तिथे प्रवाळ परत येत नाही. लक्षद्वीपचं बघा. तिथे मासेमारी पारंपरिकपणे गळाने, खोल पाण्यातल्या ट्यूनाची होते, प्रवाळावरचे मासे त्यामानाने कमी पकडले जात, आणि १९९८ च्या भयंकर उष्णतेनंतर तिथली बरीच प्रवाळं पुन्हा उभी राहिली. मग २०१० आली, २०१६ आली, आता २०२४. दोन आजारांमध्ये सावरायला पुरेशी वर्षंच मिळत नाहीत, आणि १९९८ च्या तुलनेत आज तिथलं जिवंत प्रवाळ जवळपास निम्म्यावर आलंय. म्हणजे स्थानिक काळजीने वेळ मिळतो, पण कायमचा इलाज नाही. कार्बन उत्सर्जन कमी झाल्याशिवाय प्रवाळ वाचणार नाही, हे मी माझ्या विद्यार्थ्यांनाही स्पष्ट सांगते. पण तोपर्यंत जे जिवंत राहील त्यातूनच पुढचं बी येणार आहे.

आणि म्हणूनच मला कच्छच्या आखाताबद्दल विशेष वाटतं. गढूळ पाणी, खारटपणा, थंडी-उन्हाळ्यातला मोठा फरक, हे सगळं सोसणाऱ्या इथल्या प्रवाळांत तग धरण्याचे कोणते गुण आहेत, याचा अभ्यास जगाला उपयोगी पडणारा आहे. समुद्राच्या तळाचा एक टक्काही प्रवाळांनी व्यापलेला नाही, पण समुद्रातल्या सुमारे पाव जाती कधी ना कधी त्यांच्या आसऱ्याला असतात. इथला एकेक गोटा मला मोलाचा वाटतो.

निनाद_प्रतापनगर

मीराताई, धन्यवाद. "काही उपयोग नाही" असं म्हणणं सोडलं मी.

सुलभा_काकू

दोन प्रश्न. मंगळासाठी पोवळ्याची अंगठी घालतात, ते हेच प्रवाळ का? आणि आमच्या जुन्या घरातल्या काचेच्या कपाटात सासऱ्यांनी फार पूर्वी ओख्याहून आणलेला पांढऱ्या प्रवाळाचा मोठा तुकडा आहे. त्याचं काय करावं?

डॉ_मीरा_सयाजीगंज

काकू, अंगठीतलं लाल पोवळं मुख्यतः भूमध्य समुद्रातलं, वेगळ्या जातीचं. ते भित्ती, म्हणजे समुद्रातले प्रवाळांचे बांध, बांधत नाही, पण वाढतं इतकं हळू की तिथेही अति काढल्याने ते दुर्मीळ झालंय. नवं घेऊ नये असं माझं मत.

कपाटातल्या तुकड्याचं मात्र गांभीर्याने घ्या. भित्ती बांधणारी प्रवाळं २००१ पासून वाघ-सिंहांच्याच अनुसूचीत आहेत. मेलेला तुकडासुद्धा विकणं, विकत घेणं गुन्हा आहे. तो कुणाला भेट देऊ नका, फेकूही नका. आपल्या वनखात्याच्या कार्यालयात जाऊन तुकडा कधीचा ते सांगा आणि ते म्हणतील तसं करा.

द्वारकेला शंख घेतानाही बघून घ्या. पूजेचा नेहमीचा पांढरा शंख वेगळा. पण तुतारीसारखा लांब ट्रायटन शंख आणि मोठा हेल्मेट शंख हे संरक्षित आहेत. ट्रायटन हा प्रवाळ खाणाऱ्या काटेरी तारामाशाला खाणारा मोजक्या प्राण्यांपैकी एक. तो शोभेसाठी काढला की प्रवाळाचा एक रक्षक गेला.

यश_अलकापुरी

घरी खाऱ्या पाण्याचं मत्स्यालय करायचं मनात आहे. ते चुकीचं का?

मांडवीकर

यश, विकणाऱ्याला एकच प्रश्न विचार: हा मासा टाकीत जन्मलेला की समुद्रातून पकडलेला? क्लाऊनफिशची पैदास टाकीत होते, तो मिळू शकतो. निळा टँग बहुतेक करून समुद्रातलाच असतो. आग्नेय आशियात असे मासे गुंगवून पकडायला सायनाइड फवारतात, त्याने आजूबाजूचं प्रवाळ मरतं. दुकानदाराला उत्तर देता आलं नाही तर घेऊ नकोस. आणि जिवंत खडक किंवा प्रवाळ कुणी इथे विकायला दाखवलं तर त्याला हात लावू नकोस, कायदा मीराताईंनी सांगितलाच आहे.

अनघा_कारेलीबाग

सगळं वाचून काढलं, घरीही वाचून दाखवलं. आमचं ठरलं ते असं. चारऐवजी दोन कुटुंबं आत्ता जातील, बाकी दोन फेब्रुवारीत, म्हणजे एका वेळी माणसं कमी. रविवार टाळून उधाणाच्या आसपासचा मधला वार घेतोय, मुलांची एक दिवसाची शाळा बुडेल ती बुडू दे. सौराष्ट्र मेलने जामनगर. गाईडशी बोलले, "हातात काही घेऊन दाखवायचं नाही, आम्ही वाकून बघू" असं आधीच सांगितलं, त्यांनाही ते आवडलं.

जाण्याआधीच्या शनिवारी मुलांना कमाटीबागेतल्या म्युझियममध्ये नेतेय, मही नदीच्या मुखाशी १९४४ मध्ये वाहून आलेल्या देवमाशाचा तो ७१ फुटी सांगाडा दाखवायला. मीराताई, तुम्ही आलात तर मुलांना फार आनंद होईल. खारफुटी, तुम्हीही या. तुमचं म्हणणं मुलांनी तुमच्याच तोंडून ऐकावं असं मला वाटतं.

खारफुटी

येतो. मुलांना तिवराच्या शेंगा दाखवायला घेऊन येईन.

डॉ_मीरा_सयाजीगंज

सकाळी अकराला चालेल. मुलांना प्रश्न वहीत लिहून आणायला सांगा.

दांडियाबाजार_दप्तर

हॉर्नेलचा अहवाल जुना असल्याने इंटरनेटवर वाचायला मिळतो. त्यातली ओख्याच्या किनाऱ्याची पानं छापून आणतो. मुलं नराराला जे बघतील त्याची तारखेसह यादी करून पाठवाल का? पुढच्या वर्षी फेब्रुवारीतली मंडळी तीच यादी घेऊन जातील.